ब्रेख्तचा गॅलिलिओ : सत्य कोणाच्या मालकीचे?

बर्टोल्ट ब्रेख्त हा जर्मन नाटककार मराठी रसिकांना परका नाही. विजया मेहता यांनी रंगभूमीवर आणलेले ‘अजब न्याय वर्तुळाचा’ आणि पु. ल. देशपांडे यांचा ‘तीन पैशाचा तमाशा’ या दोन रूपांतरांनी १९७०च्या दशकात त्याला आपल्या अंगणात आणून बसवले. त्याच्या ‘गॅलिलिओचे जीवन’ या नाटकाविषयी मात्र आपल्या वाचकवर्गात जे बोलले जाते ते बहुतांशी ऐकीव असते. श्रद्धावंतांच्या मनात त्याच्याविषयी अढी आहे, कारण ते ख्रिस्तसभेची नालस्ती करते असा समज आहे. आणि ज्यांना धर्मावर कोरडे ओढायचे असतात ते नेमक्या त्याच समजुतीने हे नाटक हाती घेतात. दोन्ही पक्षांचे एकमत व्हावे असा हा विरळा विषय! परंतु नाटक शांतपणे वाचले असता दोघांचीही निराशा होते. हे नाटक धर्म विरुद्ध विज्ञान या जुन्या कुस्तीचे वर्णन नाही. ज्याला सत्य कळले आहे त्याने ते कोणाच्या हवाली करावे, हा त्यातला प्रश्न आहे. आणि विज्ञानाचे समाजातील स्थान कोणते, या आजच्या चर्चेत हा प्रश्न आमच्या मते सर्वांत आधी विचारला पाहिजे.

नाटकाचा जन्म समजून घेतल्यावाचून हे ध्यानात येणार नाही. हिटलरच्या राजवटीतून परागंदा झालेल्या ब्रेख्तने डेन्मार्कमध्ये १९३८-३९ साली त्याचा पहिला खर्डा लिहिला. झुरिक येथे ९ सप्टेंबर १९४३ रोजी ते प्रथम रंगभूमीवर आले. या पहिल्या रूपातला गॅलिलिओ धूर्त आहे. तो धर्मन्यायपीठापुढे शब्द मागे घेतो, परंतु नजरकैदेत गुपचूप आपला ग्रंथ पुरा करून सीमेपार धाडतो. जुलमी सत्तेखाली जगणाऱ्या विचारवंताला ब्रेख्तने जणू युक्ती सांगितली होती : वाकावे, परंतु काम थांबवू नये. पुढे अमेरिकेत चार्ल्स लॉटन या नटासमवेत तो नाटकाचे इंग्रजी रूप सिद्ध करीत असताना ६ ऑगस्ट १९४५ रोजी हिरोशिमावर अणुबॉम्ब पडला आणि नाटकाचा अर्थच पालटला. १९४७ साली प्रेक्षकांपुढे आलेल्या नव्या रूपात तीच माघार अपराध ठरली. तिसरे रूप ब्रेख्तने बर्लिनमध्ये तालमीला घेतले; ते जानेवारी १९५७ मध्ये रंगमंचावर आले तेव्हा त्याच्या निधनाला पाच महिने होत आले होते. एकच प्रसंग, तेच पात्र. पण एका बॉम्बने नाटककाराला आपल्याच नायकाविरुद्ध उभे केले.

या नाटकातला आठवा प्रवेश एखाद्या धर्मग्रामात आयुष्य घालवलेल्या धर्मगुरूला सर्वांत जिव्हारी लागतो. १६१६ साली कोपर्निकसच्या मतावर बंदी येते. त्यानंतर एक तरुण मठवासी गॅलिलिओला भेटायला येतो. नाटकात त्याला ‘छोटा मठवासी’ एवढेच म्हटले आहे. तो स्वतः गणिती आहे, त्याने दुर्बिणीतून पाहिले आहे, पाहिलेले त्याला नाकारता येत नाही. तरीही खगोलशास्त्र सोडण्याचा निर्णय त्याने घेतला आहे, आणि त्यामागे भीती नाही, माया आहे. रोमजवळच्या कांपान्याच्या माळरानात त्याचे आईबाप शेती करतात. ऑलिव्हच्या झाडाखेरीज त्यांना फारसे काही ठाऊक नाही. दारिद्र्य पिढीजात आहे. परंतु कष्टाच्या त्या रहाटगाडग्यालाही एक लय आहे, आणि देवाची दृष्टी आपल्यावर आहे, हे विश्व आपल्याभोवती उभारले आहे, आपल्या भुकेला त्यात काही जागा आहे, या विश्वासावर ती माणसे उभी आहेत. आपण पोकळीत फिरणाऱ्या एका धोंड्यावर बसलो आहोत, असे त्यांना कोणत्या तोंडाने सांगावे? बंदीच्या हुकमात या मठवासीयाला आईची कणव दिसते.

ब्रेख्त कम्युनिस्ट होता, धर्म मानत नव्हता. तरीही धर्माच्या बाजूचा युक्तिवाद त्याने इतक्या ताकदीने मांडावा ही त्याच्या प्रतिभेची साक्ष आहे. हा मठवासी खलपुरुष नाही आणि मूर्खही नाही. रविवारी मिस्सानंतर दाराशी उभे राहून शेतमजुराचा, कोळिणीचा हात हाती घेणाऱ्या कोणाही धर्मगुरूच्या मनात त्याचा स्वर कधी ना कधी उमटलेला असतो. असाध्य रोग झालेल्या माणसाला त्याच्या रोगाचे नाव सांगू नका, म्हणून कुटुंबीय आम्हांला गळ घालतात. मुलगी आकडी येऊन पडते. तिला डॉक्टरकडे न्या, असे सांगितले तर आजीची श्रद्धा दुखावेल, म्हणून केवळ प्रार्थना म्हणून घरी परतण्याचा मोह होतो. लोकांची मने जपण्याच्या नावाखाली त्यांच्यापासून काय काय दडवले जाते याचा हिशेब कोणत्याही धर्मग्रामाच्या नोंदवहीत सापडणार नाही.

गॅलिलिओचे उत्तर कठोर आहे. ज्या सुव्यवस्थेचे तू गोडवे गातोस ती रिकाम्या फडताळाची सुव्यवस्था आहे, असा त्याच्या बोलण्याचा आशय. पिकवणाऱ्याच्या घरात अन्न का नाही, हे तो विचारतो. त्या शेतकऱ्यांच्या घामातून दूरदेशीच्या लढायांचा खर्च निघतो हे दाखवून देतो. सद्गुण आणि दैन्य यांची लग्नगाठ देवाने बांधलेली नाही. पोट भरलेल्या माणसालाही सज्जन होता येते. नदीचे पाणी शेतात चढवणारा पंप करायचा तर निसर्गाचे नियम लपवून भागणार नाही. या उत्तरात सुवार्तेला विरोधी काय आहे, याचा आम्ही पुष्कळ शोध घेतला. आम्हांला काही आढळले नाही. भुकेल्याला अन्न देण्याऐवजी त्याच्या भुकेचा गौरव करण्याची मुभा मत्तयच्या शुभवर्तमानाने कोणाला दिलेली नाही.

शेवटी गॅलिलिओ हस्तलिखितांची एक चवड त्याच्यापुढे टाकतो. समुद्राला भरती-ओहोटी का येते, हे त्यात सांगितले आहे. आणि जो शास्त्र सोडायला आला होता तो मठवासी भुकेल्यासारखा वाचू लागतो. प्रवेश नाट्यदृष्ट्या अप्रतिम आहे. मात्र ब्रेख्त प्रेक्षकाला एक गोष्ट सांगत नाही : खऱ्या गॅलिलिओची भरती-ओहोटीची उपपत्ती चुकीची होती. पृथ्वीच्या फिरण्यामुळे समुद्र हिंदकळतो असे त्याचे म्हणणे होते आणि चंद्राचा प्रभाव त्याने झिडकारला होता. पृथ्वी फिरत असेल तर वर्षभरात ताऱ्यांची जागा किंचित सरकलेली दिसली पाहिजे, ही तत्कालीन पंडितांची शंकाही पोरकट नव्हती. तशी सरक बेसेल या खगोलशास्त्रज्ञाने मोजून प्रसिद्ध केली ती १८३८ साली. म्हणजे गॅलिलिओचा निष्कर्ष खरा होता, पण त्याचे सर्व पुरावे खरे नव्हते. ही गोष्ट आम्ही न्यायपीठाची सफाई म्हणून सांगत नाही. ज्याच्या पुराव्यात उणीव आहे त्याला दुसऱ्या पुराव्याने उत्तर द्यावे. त्याला गुडघ्यांवर बसवून शपथ घ्यायला लावू नये. विज्ञानाची प्रतिष्ठा त्याच्या अचूकपणात नसून चूक उघड करण्याच्या त्याच्या रीतीत आहे, आणि हे नाटकात आले असते तर गॅलिलिओ अधिक मोठा झाला असता.

नाटकात भिंगे घासणारा फेदेर्झोनी नावाचा एक कारागीर आहे. गॅलिलिओच्या कामाला त्याचे हात लागतात, पण पंडितांची चर्चा लॅटिनमध्ये सुरू झाली की तो बाहेर पडतो, कारण त्याला लॅटिन येत नाही. त्याच्यासाठी लोकभाषेत बोला, अशी विनंती गॅलिलिओ करतो आणि पंडितांच्या कपाळाला आठ्या पडतात. इतिहासातही गॅलिलिओने आपला १६३२ सालचा वादग्रस्त ‘संवाद’ लॅटिनमध्ये न लिहिता इटालियनमध्ये लिहिला. मराठी ख्रिस्ती वाचकाला या ठिकाणी एक योगायोग आठवल्यावाचून राहणार नाही. रोममध्ये कोपर्निकसवर बंदी आली त्याच १६१६ साली गोव्यात रायतूर येथे येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ छापले गेले. ते लोकांच्या भाषेत, ओवीत होते. एकाच ख्रिस्तसभेत, एकाच वर्षी, एक हात ज्ञानाचे दार लावीत होता आणि दुसरा हात उघडीत होता. आमच्या वडीलधाऱ्यांनी १९६०च्या दशकापर्यंत लॅटिनमधला मिस्सा ऐकला. पुढे दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेनंतर तो मराठीत आला तेव्हा वेदीवर काय चालते ते त्यांना शब्दशः कळू लागले. त्यामुळे फेदेर्झोनीचे दुःख आपल्याला दुसऱ्या कोणी समजावून सांगण्याची गरज नसावी.

बाराव्या प्रवेशात पोप आठवे उर्बन यांना वस्त्रे चढवली जात आहेत. कार्डिनल असताना ते गणिताचे जाणकार आणि गॅलिलिओचे चाहते होते. प्रारंभी ते त्याच्या बाजूने ठाम बोलतात. धर्मन्यायाधीश बोलत राहतो, एकेक वस्त्र अंगावर चढत जाते, आणि पूर्ण पोशाख होईतो माणूस मागे पडून पद तेवढे उरते. रोज सकाळी वेदीपुढे जाण्याआधी वस्त्रे परिधान करणाऱ्या आम्हांस या प्रवेशातील टीका बाहेरच्या माणसाची वाटत नाही. येथे हेही नमूद केले पाहिजे की, नाटकातील धर्माधिकाऱ्यांचे विडंबन करू नये, असे ब्रेख्तने स्वतः आपल्या टिपणांत बजावले आहे. त्याच्या लेखी ख्रिस्तसभा येथे सत्तेची प्रतिनिधी आहे. तिच्या जागी दुसरी कोणतीही सत्ता ठेवता आली पाहिजे.

तरीही त्याच्या हातून एक मोठा अन्याय झाला आहे, आणि तो गॅलिलिओच्या मुलीवर. नाटकातली व्हर्जिनिया भोळसट, देवभोळी, बापाचे काम न कळणारी आणि अखेर त्याच्यावर पहारा ठेवणारी आहे. वास्तवातली व्हर्जिनिया लहान वयातच मठात गेली आणि सिस्टर मारिया चेलेस्ते झाली. तिची बापाला लिहिलेली १२४ पत्रे उपलब्ध आहेत. बापाला झालेल्या शिक्षेत सात अनुतापस्तोत्रे दर आठवड्याला म्हणण्याचा भाग होता. तो भार तिने आपल्याकडे घेतला. १६३४ साली, वयाच्या चौतिसाव्या वर्षात, ती वारली. श्रद्धा आणि बुद्धी एका घरात, एका मायेत नांदल्याचा हा जिवंत पुरावा ब्रेख्तने खोडून टाकला, कारण त्याच्या नाटकात अशा स्त्रीला जागा नव्हती. गॅलिलिओ स्वतः श्रद्धावंत होता, बायबल हे खगोलशास्त्राचे पाठ्यपुस्तक नव्हे हा मुद्दा त्याने १६१५ साली ग्रँड डचेस क्रिस्टिना हिला लिहिलेल्या पत्रात संत ऑगस्टीनच्या आधाराने मांडला होता, हेही नाटकातून फारसे उमगत नाही. नाटककाराला इतिहासात फेरफार करण्याचा अधिकार असतो. परंतु तो अधिकार एकाच दिशेने वापरला गेला की टीकाकाराने ते सांगितले पाहिजे.

हे सांगितल्यानंतर आपल्याकडची एक सवयही सांगितली पाहिजे. गॅलिलिओचा विषय निघाला की आपण घाईघाईने शास्त्रज्ञ धर्मगुरूंची यादी पुढे करतो : वाटाण्यावरून आनुवंशिकतेचे नियम शोधणारे मेंडेल, विश्वाच्या प्रसरणाचे गणित मांडणारे लमेत्र, मुंबईच्या सेंट झेवियर्समधले वनस्पतिशास्त्रज्ञ ब्लॅटर आणि सांतापाव. यादी खरी आहे आणि अभिमानास्पदही आहे. पण ती या प्रश्नाचे उत्तर नाही. विज्ञानाच्या न्याय्य स्वायत्ततेला मान्यता न देणाऱ्या ख्रिस्ती मनोवृत्तीबद्दल विश्वपरिषदेने १९६५ साली ‘आधुनिक जगातील ख्रिस्तसभा’ या दस्तऐवजाच्या ३६व्या परिच्छेदात खेद व्यक्त केला. पोप दुसरे जॉन पॉल यांनी नेमलेल्या अभ्यासमंडळाचे काम पूर्ण झाल्यावर, ३१ ऑक्टोबर १९९२ रोजी, तत्कालीन ईशज्ञानपंडितांची चूक त्यांनी स्पष्टपणे मान्य केली. १६३३च्या निकालानंतर ३५९ वर्षांनी ख्रिस्तसभेने जे नि:संकोच केले ते करायला आपण का कचरावे?

आता शेवटून दुसऱ्या प्रवेशाकडे वळू. हिरोशिमानंतर ब्रेख्तने सर्वांत अधिक हात फिरवला तो येथे. वृद्ध, अधू दृष्टीचा गॅलिलिओ फ्लॉरेन्सजवळ नजरकैदेत आहे. त्याचा जुना शिष्य आंद्रेआ भेटीला येतो. ग्रंथ लपूनछपून पुरा झाल्याचे कळताच त्याला गुरूच्या माघारीत थोर डावपेच दिसू लागतो. गॅलिलिओ ती पळवाट बंद करतो. आपण शारीरिक यातनांना भ्यालो, असे तो सांगतो. आणि त्याहून पुढे जाऊन म्हणतो की, आपले ज्ञान आपण सत्ताधीशांच्या स्वाधीन केले, त्यांनी त्याचे वाटेल ते करावे म्हणून. वैद्यांच्या शपथेसारखी एखादी शपथ शास्त्रज्ञांनीही घ्यावी, ज्ञान मानवाच्याच हितासाठी वापरू अशी, ही संधी आपण दवडली, असे त्याला वाटते. मानवी जीवनाचे कष्ट हलके करणे हेच विज्ञानाचे प्रयोजन; ते सुटले तर नवी यंत्रे म्हणजे केवळ नव्या यातना.

येथे छोट्या मठवासीयाच्या प्रश्नाची दुसरी बाजू उघडी पडते. आठव्या प्रवेशात धर्मसत्ता लोकांपासून सत्य लपवते. चौदाव्या प्रवेशात शास्त्रज्ञ ते लोकांना डावलून राजसत्तेच्या पदरात टाकतो. दोन्हीकडे कांपान्याचा शेतकरी दाराबाहेरच. विज्ञानही एक पुरोहितवर्ग होऊ शकते. त्याचीही लॅटिन असते, त्याचाही गाभारा असतो. ब्रेख्तने रंगवलेल्या या शपथेला पुढे इतिहासात एक धनी मिळाला. पोलंडमध्ये जन्मलेले पदार्थवैज्ञानिक जोसेफ रॉटब्लॅट हे अणुबॉम्बच्या प्रकल्पात होते. जर्मनीजवळ बॉम्ब होणार नाही हे स्पष्ट झाल्यावर १९४४च्या अखेरीस ते प्रकल्पातून बाहेर पडले. १९९५ साली शांततेचे नोबेल पारितोषिक स्वीकारताना केलेल्या भाषणात त्यांनी शास्त्रज्ञांसाठी अशाच शपथेचा पुरस्कार केला.

हा प्रश्न लॉस अलामोसपुरता राहत नाही. तो आपल्या किनाऱ्यावरही येऊन पोहोचला आहे. देशातले पहिले अणुवीज केंद्र १९६९ साली तारापूरला सुरू झाले. त्याच्या विजेचे मोल आम्ही नाकारीत नाही. परंतु पुढल्या विस्तारात अक्करपट्टी आणि पोफरण ही गावे उठली. १९६२च्या अणुऊर्जा कायद्याच्या १८व्या कलमाने शासनाला माहितीच्या प्रसारावर बंधने घालण्याचा अधिकार दिला होता. तिथल्या मच्छीमाराला, बागायतदाराला, त्याच्या भाषेत, त्याला उलट प्रश्न विचारता येईल अशा रीतीने किती सांगितले गेले? तुम्हांला कळणार नाही, काळजी करू नका, असे शास्त्राच्या नावाने सांगणारा अधिकारी आणि देवाच्या नावाने सांगणारा धर्मगुरू यांच्यात आम्हांला तरी फरक दिसत नाही.

नाटकाचा शेवट सीमेवर होतो. गॅलिलिओचा ग्रंथ घेऊन निघालेला आंद्रेआ तपासनाक्यावर थांबला आहे. जवळच्या घरात चेटकीण राहते, असे मुले सांगतात. तो एका मुलाला उचलून खिडकीशी धरतो. आत एक म्हातारी चुलीशी रांधते आहे. महाराष्ट्रातल्या वाचकाला हा प्रसंग दूरचा वाटू नये. ‘भुताळी’, ‘डाकीण’ ठरवून बायकांचा छळ आपल्याच आदिवासी पाड्यांवर झालेला आहे, आणि त्याविरुद्धचा जादूटोणाविरोधी कायदा २०१३ साली झाला तो डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्टला खून झाल्यानंतर. मुलाला खिडकीपर्यंत उचलून धरण्याची किंमत आपल्या काळातही अशी मोजावी लागते.

एका जागी मात्र ब्रेख्त आम्हांला अपुरा वाटतो. मठवासीयाच्या आईबापांना पंप हवा होता, हे खरेच. पण पंप बसल्यावरही त्यांचे एखादे लेकरू दगावले असते, आणि त्या रात्री त्यांनी जो प्रश्न विचारला असता त्याचे उत्तर दुर्बिणीत नव्हते. गॅलिलिओ त्या प्रश्नापाशी थांबत नाही. ब्रेख्त त्याला थांबू देत नाही. त्या अंथरुणापाशी बसायला मठवासीयानेच जायचे असते. अट एवढीच की दिवसा त्याने त्या माणसांपासून काही लपवलेले नसावे. नाही तर रात्रीच्या त्याच्या सांत्वनावर कोणी विश्वास ठेवणार नाही.

या उणिवांसह हे नाटक आपल्या वाचनात यायला हवे. आपल्या घराघरांत आज अभियंते आणि डॉक्टर आहेत. विज्ञानाकडे आपण नोकरीची शिडी म्हणून पाहतो, त्याच्या सामाजिक जबाबदारीचा विचार ना वर्गात होतो ना धर्मशिक्षणाच्या तासाला. नाताळच्या आणि सणाच्या नाटकांसाठी संहिता शोधणाऱ्या आमच्या युवकांना आमची सूचना आहे की, त्यांनी या नाटकाचा निदान आठवा प्रवेश मराठीत उतरवून पाहावा. दोन पात्रे, एक मेज, कागदांची चवड. नेपथ्याचा खर्च नाही. मठवासीयाची भूमिका हास्यास्पद न करता, त्याच्या आईबापांवरील मायेसकट उभी करावी. आणि पडदा पडल्यावर प्रेक्षकांत बसलेल्या शेतकऱ्यांना, कोळ्यांना विचारावे : तुम्हांला काय हवे होते, लपवलेले की सांगितलेले? हा प्रश्न त्यांच्यासंबंधी चारशे वर्षे चालला आहे. त्यांचे मत अजून कोणी विचारलेले नाही.